नानांची वही

यंदा आमच्या घरी दिवाळी नाही. नाना गेल्या मार्गशीर्षात गेले; वर्ष व्हायचे आहे. तेव्हा आकाशकंदील नाही, रांगोळी नाही, चकलीचा सोऱ्या माळ्यावरून खाली उतरायचा नाही. फराळाचे डबे शेजारून येतील, आणि ते इतके येतील की दर वर्षीपेक्षा यंदाच जास्त खाल्ले जाईल. चाळ सुटून वीस वर्षे झाली, तरी ही रीत आमच्या इमारतीत अजून टिकून आहे.

संपादकांना मी कळवले की, "यंदा दिवाळी अंकात माझ्या सदराला सुट्टी द्या." त्यांचे उलट टपाली उत्तर आले, "सुट्टी नाही. नानांविषयी लिहा." आता नानांविषयी लिहायचे, तर मला आधी आमच्या संगणकाविषयी लिहावे लागेल. हे वाचून वाचकांच्या कपाळाला आठी पडेल, हे मी जाणून आहे. या सदरात दर आठवड्याला एखादा शब्द घ्यायचा, त्याचे कूळ-मूळ शोधायचे आणि जमले तर चार माणसांना हसवायचे, एवढाच माझा धंदा. यंत्रातले मला काय कळते? पण गेल्या आषाढात एक रात्र अशी आली, की यंत्राच्या पोटातले दोन-चार शब्द मला शिकावेच लागले. त्यांतला एक शब्द तर अस्सल मराठीच निघाला. तो शब्द म्हणजे 'सामायिक'.

नाना टपाल खात्यातून पोस्टमास्तर म्हणून निवृत्त झाले. रत्नागिरी, सातारा, खानदेश असा सगळा मुलूख बदल्यांच्या निमित्ताने पायाखाली घालून ते अखेर ठाण्याला स्थिरावले. वयाच्या शहात्तराव्या वर्षी त्यांनी नातीजवळ संगणक शिकायला सुरुवात केली. नात शिकवी आणि आजोबा वहीत टिपून घेत. दोनशे पानी वही, वर 'श्री', खाली तारीख, आणि मग मथळा : 'यंत्र चालू व बंद करण्याची रीत'. त्याखाली एकेक कलम. 'भिंतीवरील बटन प्रथम. मग पेटीवरील. मग थांबावे. दिवा लुकलुकतो म्हणून पुन्हा बटन दाबू नये.' सातवे कलम मला आता तोंडपाठ आहे : 'बंद करताना यंत्रास आधी सांगावे. ते थांबा म्हणाले तर थांबावे. थैलीला सील लागल्याखेरीज मास्तर खुर्चीवरून उठत नाही.'

आम्ही सगळे या वहीला हसत असू. मी जरा जास्तच हसे.

नानांनी त्या यंत्रावर एका बोटाने मराठी टंकून आपल्या आठवणी लिहिल्या. तीन वर्षांत एकशे सत्त्याऐंशी पाने. मधून मधून ते मला म्हणत, "अरे, एकदा ऱ्हस्व-दीर्घ पाहून दे." मी म्हणे, "सुट्टीत बघतो, नाना." दिवाळीची सुट्टी गेली, नाताळची गेली, मे महिन्याची गेली. दर वर्षी मी परक्या पोरांचे शेकड्यांनी पेपर तपासले, त्यांचे ऱ्हस्व-दीर्घ तांबड्या शाईने सुधारले, आणि घरातला एक कागद काही माझ्याने वाचून झाला नाही. मग मार्गशीर्ष आला.

आषाढात नागपुरहून ताईचा फोन आला. "नानांचं ते लिखाण वर्षश्राद्धाला छापून नातेवाइकांत वाटू या. तू शुद्धलेखन बघितलंच असशील ना?" मी "हो, होत आलंय" म्हणालो. खोटे बोलण्याचा सराव प्राध्यापकांना असतोच. त्याच रात्री जेवणे उरकून मी यंत्रापुढे बसलो. बाहेर पाऊस कोसळत होता, दिवे अधूनमधून मिचमिचत होते. यंत्राने काहीतरी स्वतःचेच काम काढले होते. निळ्या पडद्यावर अक्षरे होती, काम चालू आहे, यंत्र बंद करू नका. तीस टक्के झाले होते. अर्धा तास बसलो, तरी तीसच. सकाळी साडेसातचे लेक्चर होते. मी उठलो आणि भिंतीवरचे बटन बंद केले.

सातवे कलम!

सकाळी चहाचा पेला हातात घेऊन बटन दाबले, तर पडद्यावर चारच ओळी. मथितार्थ असा, की या यंत्राला दुरुस्तीची गरज आहे. सुरुवातीच्या मांडणीची जी फाइल असते तिच्यात आवश्यक तो मजकूर नाही. खाली फाइलचे नाव, 'बूट' आणि मग 'बीसीडी'. मी पुन्हा बटन दाबले. पुन्हा त्याच चार ओळी. सौ. स्वयंपाकघरातून म्हणाल्या, "अहो, नानांचं सगळं त्यातच आहे ना?"

मी काही बोललो नाही. चहा तसाच गार झाला.

अशा वेळी सुशिक्षित माणूस जो मूर्खपणा करतो, तो मीही केला. मोबाइलवर शोधाशोध केली. घटकाभरात ज्ञान प्राप्त झाले, की यंत्राच्या सुरुवातीची मांडणी सांभाळणाऱ्या काही फाइली असतात आणि त्यांच्या नावांच्या शेवटी 'डीएलएल' असे शेपूट असते. एक 'बीसीडी', एक 'बीसीडीएसआरव्ही', एक 'बीसीडीप्रोव्ह'. आणि काय योगायोग! या हरवलेल्या फाइली फुकट देणारी दुकाने पानोपानी मांडलेली होती. 'येथे दाबा, फाइल घ्या, यंत्र सुरू करा.' मी कन्येचा लॅपटॉप मागितला. ती म्हणाली, "बाबा, रस्त्यावर कुणी अनोळखी माणसानं गोळी दिली तर तुम्ही घ्याल का?" मी म्हणालो, "आजार कळलाय, औषधाचं नाव कळलंय, मग घ्यायला काय हरकत आहे?" तिने लॅपटॉप मिटून काखेत मारला आणि ती कॉलेजला गेली.

मग मला माझा एक जुना विद्यार्थी आठवला. स्टेशनाजवळ त्याचे संगणकदुरुस्तीचे दुकान आहे. मराठीत तो काठावर पास झाला होता, आणि ते गुण देणारा मीच होतो. संध्याकाळी तो खांद्यावर पिशवी टाकून आला. पडदा पाहिला, माझी हकिगत ऐकून घेतली आणि म्हणाला, "सर, ती डीएलएल उतरवून घेतली नाहीत ना?"

"घेणार होतो."

"बरं झालं थांबलात. सर, तुमची वही फाटलीये. तुम्ही कारकून बदलायला निघाला होता."

काठावर पास झालेल्या मुलाच्या तोंडी असे वाक्य ऐकून मी खुर्ची ओढून बसलो. पुढच्या दोन तासांत मला जे समजले, ते माझ्या भाषेत सांगतो. चुकले असेल तर दोष माझा, गुरूचा नव्हे.

आधी डीएलएल म्हणजे काय ते. नाव भारदस्त आहे, डायनॅमिक लिंक लायब्ररी. 'लायब्ररी' म्हणजे ग्रंथालय असे भाषांतर केलेत तर फसाल. ही आहे कोठी. आमच्या लहानपणी चाळीच्या जिन्याखाली एक खोली होती. तिच्यात दोन थोरली तपेली, एक कढई, झारे, परात्या आणि बारा पाट असत. किल्ली चिटणिसांकडे. कोणाकडे लग्न असो, मुंज असो, भांडी तिथून न्यायची आणि कार्य उरकले की घासूनपुसून परत ठेवायची. प्रत्येक बिऱ्हाडाने दोनशे माणसांचे तपेले घरात ठेवायचे म्हटले, तर माणसांनी झोपायचे कुठे? संगणकातही हेच. 'विंडोज' पहिल्यांदा १९८५ साली बाजारात आली, तेव्हा तिला निदान २५६ किलोबाइट स्मृती लागे. आजच्या मोबाइलमधला एक फोटोही तेवढ्यात मावणार नाही, असे हे वीतभर बिऱ्हाड! त्यात प्रत्येक प्रोग्रॅमने चौकट काढण्याची, छपाईची, फाइल उघडण्याची सामग्री आपापली बाळगायची म्हटली, तर पाय ठेवायला जागा उरली नसती. म्हणून ही सामग्री एका जागी ठेवली, आणि ज्याला जेव्हा लागेल तेव्हा त्याने ती मागून घ्यावी असे ठरले. 'डायनॅमिक लिंक'चा अर्थ एवढाच, की ऐन वेळी जोडून घ्यायचे.

पण सामायिक भांड्यांची कथा सगळ्यांना ठाऊक आहे. एकदा एका बिऱ्हाडाने लग्नासाठी तपेले नेले, त्याला भोक पडले. त्यांनी मुकाट्याने घरातले जरा लहान तपेले तिथे ठेवून दिले. दिसायला तसेच. महिन्याने दुसऱ्यांच्या मुंजीत शेवटच्या पंगतीला भात पुरला नाही, आणि यजमानीणबाईंनी आचाऱ्याला धारेवर धरले. आचारी बिचारा शपथा घेत होता. संगणकात १९९० च्या दशकात घरोघरी हेच चालले होते. नवा प्रोग्रॅम बसवला की तो आपल्याबरोबर आपली डीएलएल आणी आणि कोठीतल्या त्याच नावाच्या फाइलीवर खुशाल टाकी. कधी ती आधीच्यापेक्षा जुनीही असे. हा नवा पाहुणा मजेत चाले, आणि काल नीट चालणारा दुसराच प्रोग्रॅम आज कोलमडे. लोक त्या बिचाऱ्याला शिव्या देत. या प्रकाराला जाणकारांनी चक्क 'डीएलएल हेल', म्हणजे नरक, असे नाव दिले होते. पुढे 'विंडोज २०००' ने कोठीवर राखणदार बसवला; कोणी महत्त्वाचे भांडे बदलले की तो मूळचे भांडे परत आणून ठेवी. २००१ साली आलेल्या 'एक्सपी'ने एकाच नावाची निरनिराळी भांडी शेजारी शेजारी ठेवण्याची सोय केली, ज्याला जे लागेल ते त्याने उचलावे. चाळीला ही अक्कल सुचली असती, तर अर्धी भांडणे मिटली असती.

आता 'बूट'. हा शब्द पायातल्या बुटावरूनच आला. आपल्याच बुटाच्या पट्ट्या धरून आपण स्वतःला वर उचलावे, अशी इंग्रजीत एक अशक्य गोष्टीची कल्पना आहे. यंत्राचे तसेच आहे. काम करण्यासाठी त्याला सूचना हव्यात; सूचना वाचण्यासाठी आधी दुसऱ्या सूचना हव्यात; आणि वीज येते तेव्हा त्याच्या स्मृतीची पाटी तर कोरी! म्हणून एक अगदी छोटी सूचना पक्की कोरून ठेवलेली असते. ती जागी होते आणि हात-पाय चाचपते. मग आपल्याहून मोठीला उठवते. ती आणखी मोठीला. पहाटे घरातली म्हातारी उठावी, तिने सुनेला हाक मारावी, सुनेने चूल पेटवून मुलांना उठवावे, तसा हा क्रम.

या क्रमात दुसरी जी उठते, तिला ठाऊक नसते की मुख्य घर कुठे आहे. ती एक वही उघडते. वहीत लिहिलेले असते, की अमक्या तबकडीच्या अमक्या भागात विंडोज आहे. तिला उठवणारा अमका. एकाहून अधिक बिऱ्हाडे असतील तर मालकाला विचारून ३० सेकंद वाट पाहा, तो बोललाच नाही तर पहिल्याला उठवा. ही वही 'एक्सपी'च्या काळापर्यंत साध्या अक्षरांत होती. तिचे नाव 'बूट डॉट आयएनआय'. कोणीही उघडावी, कोणीही खोडावी. २००७ साली 'व्हिस्टा' घरोघर आली, तेव्हा ही वही बंद कपाटात गेली आणि तिचे नाव झाले 'बूट कॉन्फिगरेशन डेटा', अर्थात बीसीडी. आमच्यासारख्या जुन्या यंत्रात ती तबकडीच्या एका लहानशा राखीव खणात असते, जो एरवी पडद्यावर दिसतही नाही. ती आता साध्या अक्षरांत नाही. पाहायची वा बदलायची तर रीतसर अर्ज करावा लागतो. तो अर्ज घेणारे, वहीतले पान काढून दाखवणारे आणि सांगाल ते नेमके तिथेच नोंदणारे जे कारकून, ते म्हणजे मी मोबाइलवर पाहिलेल्या त्या डीएलएल. प्रोग्रॅम कोणताही असो, वहीला हात लावायचा तो या सामायिक कारकुनांमार्फत.

"मग कारकून आजारी पडला असेल तर?" मी विचारले.

"सर, कचेरी उघडल्यावर कारकून येतो ना? ही वही वाचली जाते ती कचेरी उघडण्याच्या आधी. त्या वेळी कारकून घरी झोपलेलाच असतो. पहाटेचा पहारेकरी वही स्वतः वाचतो. तुमच्या पहारेकऱ्याला वही फाटलेली मिळाली. बाहेरून तुम्ही दहा कारकून आणलेत तरी कचेरी उघडली नसती. आणि उघडलीच असती, तर त्या कारकुनांतला एखादा चोर निघाला असता."

मग त्याने मला 'एक्सपी'च्या काळातली एक मौज सांगितली. तेव्हा यंत्र सुरू होईना की पुष्कळदा पडद्यावर तक्रार येई, 'हॅल डॉट डीएलएल' ही फाइल गहाळ आहे किंवा बिघडली आहे. लोक धावत जाऊन ती फाइल आणत, बसवत, आणि पुन्हा तीच तक्रार वाचत. कारण बहुतेक वेळा 'हॅल' आपल्या जागी सुखरूप असे. चूक असे वहीत. वहीत घराचा पत्ताच चुकीचा लिहिलेला; पहारेकरी भलत्या दाराशी जाऊन 'हॅल'ला हाका मारी, आणि ओ आली नाही की नोंद करी, 'हॅल बेपत्ता'. मला हे ऐकून एकदम नाना आठवले. पत्ता चुकीचा लिहिणारा नामानिराळा राहतो आणि पोस्टमन शिव्या खातो, असे ते नेहमी म्हणत.

हे सारे ऐकून कोणी म्हणेल, एका प्राध्यापकाचे यंत्र अडले त्याचे एवढे काय? पण सुरुवातीलाच पाय अडखळला तर काय होते, ते साऱ्या जगाने १९ जुलै २०२४ रोजी पाहिले. संगणकांची राखण करणाऱ्या 'क्राउडस्ट्राइक' या कंपनीने पाठवलेली एक सदोष फाइल विंडोजच्या यंत्रांत गेली. ती डीएलएल नव्हती, पण यंत्र उठता उठताच तिचे वाचन होई. यंत्रे उठत, कोसळत, पुन्हा उठत, पुन्हा कोसळत. मायक्रोसॉफ्टच्या अंदाजाप्रमाणे सुमारे ८५ लाख यंत्रे. रुग्णालये, बँका, विमानतळ सगळे खोळंबले. आपल्याकडे विमानांच्या प्रवाशांना हाताने लिहिलेले बोर्डिंग पास मिळाले. आणि इलाज? पुष्कळ ठिकाणी एकेका यंत्रापाशी माणसाने जाऊन बसायचे, ते कमीत कमी सामानानिशी उठवायचे आणि ती फाइल हातांनी काढायची.

"आता नानांचं लिखाण?" मी शेवटी विचारले. दोन तास हाच एक प्रश्न माझ्या घशात अडकला होता, आणि उत्तराच्या भीतीने मी त्याला एकामागून एक भलतेच प्रश्न विचारत होतो.

तो म्हणाला, "वही फाटली म्हणून कपाटातली पुस्तकं जळत नाहीत, सर. पण तबकडी शाबूत आहे की नाही, ते पाहिल्यावरच सांगेन." त्याने पेटी उघडली, तबकडी काढली, आपल्या यंत्राला जोडली. "आधी घरातलं सामान बाहेर काढायचं, मग भिंतीला हात लावायचा. दुरुस्तीवाले हा क्रम उलटा करतात आणि मग लोक रडतात." तबकडीतून बारीक कुरकुर ऐकू आली. सौ. पदराला हात पुसत दारात येऊन उभ्या राहिल्या. कन्या माझ्या खुर्चीच्या पाठीला धरून उभी होती. पडद्यावर पिवळ्या कप्प्यांची रांग आली. वीजबिले, गॅसचे पुस्तक, पेन्शन, नातीचे फोटो. शेवटचा कप्पा : 'धाकट्यासाठी'.

धाकटा म्हणजे मी.

कप्प्यात एकच फाइल होती. विद्यार्थ्याने ती उघडली नाही. नुसती उतरवून घेतली, एक प्रत पेनड्राइव्हवर, एक आपल्या यंत्रावर, आणि मग पेनड्राइव्ह माझ्या हातात दिला. अशी समज तो कोणत्या पुस्तकात शिकला कोण जाणे. मी शिकवलेल्या पुस्तकांत ती नव्हती.

बाकीची दुरुस्ती वीस मिनिटांची निघाली. त्याने आपल्याजवळच्या पेनड्राइव्हवरून यंत्र जागे केले, एका काळ्या चौकटीत 'बीसीडीबूट' अशी आज्ञा दिली, आणि विंडोजने आपल्याच कोठीत जपून ठेवलेला वहीचा कोरा नमुना काढून त्यावरून नवी वही लिहिली. यंत्र उठले. मग त्याने 'एसएफसी' नावाच्या दुसऱ्या आज्ञेने कोठीतले एकेक भांडे मूळ यादीशी ताडून पाहिले. दोन भांडी पोचलेली निघाली. ती यंत्राने आपल्याच साठ्यातून बदलली. "बघा सर," तो म्हणाला, "घरातलंच होतं. बाहेरून काही आणायची गरज नव्हती." जाताना बजावून गेला, "हे यंत्र आता म्हातारं झालं. विंडोज १० ची सर्वसाधारण देखभाल १४ ऑक्टोबर २०२५ ला संपली. नवीन घ्या. आणि नवीन यंत्रात पुष्कळदा तबकडीला आपोआप कुलूप लागलेलं असतं. त्याची लांबलचक किल्ली असते, ती कागदावर लिहून ठेवा. नाहीतर पुढच्या वेळी मीसुद्धा काही करू शकणार नाही."

पैसे विचारले, तर तो म्हणाला, "काठावर पास केलं होतंत, सर. फिटलं." मी बळेच त्याच्या खिशात कोंबले. त्या पोराचा मराठीचा पेपर मला पुन्हा तपासायला मिळाला तर बरे, असे मला फार वाटले.

त्या रात्री मी फाइल उघडली. पहिल्या पानावर वर 'श्री', आणि खाली एकच ओळ : 'चिरंजीवास सवड झाली म्हणजे वाचावयास द्यावे.' तक्रार नाही, टोमणा नाही. नाना टोमणे मारीत नसत, म्हणूनच ते मला अधिक लागले. पहाटेपर्यंत वाचत बसलो. ऱ्हस्व-दीर्घाच्या चुका होत्या, पुष्कळ होत्या. एकही दुरुस्त करायला हात झाला नाही.

सगळे इथे सांगत नाही. ते नातेवाइकांसाठी आहे. पण एक पान सांगतो. सातारा जिल्ह्यातल्या एका गावच्या पोस्टात नाना होते तेव्हाचे. खिडकीशी दोरीने बांधलेला एक टाक असे आणि शेजारी दौत. सगळ्या गावाचा तो टाक. नाना लिहितात, की ते रोज सकाळी कचेरी उघडण्याआधी दहा मिनिटे जात, त्या टाकाचे निब पुसत, झिजले असेल तर बदलत आणि दौतीत शाई भरत. हे काम शिपायाचे होते. शिपायाने एकदा विचारलेही, की मास्तर, तुम्ही कशाला? नानांनी त्याला सांगितले, "दिवसभरात कोणी घरी पैसे धाडील, कोणी मुलीच्या सासरी पत्र लिहील, कोणी मयताची तार लिहील. त्यांना आपल्याच दुःखाचे पुरे झालेले असते. त्या वेळी निब अडकता कामा नये."

त्या गावात त्या टाकाने शेकडो लोकांनी लिहिले असेल. शाई आहे, निब नीट आहे, हे एकाच्याही ध्यानात आले नसेल. न अडकलेले निब कोणाच्या ध्यानात येते? सामायिक वस्तूचे नशीबच असे असते. नीट चालते तोवर ती कोणाला दिसत नाही, आणि बिघडली की मात्र सगळे विचारतात, हे काम कोणाचे होते.

नानांच्या आठवणींच्या आता चार प्रती आहेत. एक माझ्याकडे, एक ताईकडे नागपुरला, एक कन्येच्या लॅपटॉपवर आणि एक छापखान्यात. शुद्धलेखन मी पाहिले. पण टाकाचे पान जसेच्या तसे ठेवले आहे. त्यात 'निब' तीन ठिकाणी दीर्घ आहे. राहू दे.

हे मी गणपतीच्या दिवसांत लिहितो आहे. दिवाळीला आमच्याकडे पणत्या नसतील, पण ताई येणार आहे. संध्याकाळी सगळ्यांनी बसायचे आणि रोज एकेक प्रकरण मोठ्याने वाचायचे, असे ठरले आहे. शेजारचा फराळ असेलच. नवे यंत्रही घेतले आहे. त्याच्याशेजारी नानांची वही ठेवली आहे, आणि काल रात्री यंत्र 'थांबा' म्हणाले तेव्हा मी पाऊण तास थांबलो. सौ. आतून म्हणाल्या, "अहो, झोपायचं नाही का?"

मी म्हणालो, "थैलीला सील लागायचंय."